खाऱ्या हवेतली रायफल: बोल्ट-अ‍ॅक्शनसाठी सुटे मॅगझिन कसे निवडावे

नारळी पौर्णिमा झाली, पावसाचा जोर ओसरला आणि मी रायफलची पेटी उघडली. नळी स्वच्छ होती, हाताने मागे-पुढे सरकवायचा बोल्ट तेलकट चमकत होता, दोन्ही मॅगझिने, म्हणजे काडतुसांच्या सुट्या पेट्या, बाहेरून पाहता नवी कोरी दिसत होती. त्यांतल्या एकाचा फॉलोअर, म्हणजे काडतुसांना खालून वर ढकलणारी चकती, अंगठ्याने दाबून सोडला, तर तो अर्ध्यावरच थांबला. तळपट्टी सरकवून स्प्रिंग बाहेर काढली तेव्हा तिच्या खालच्या दोन वेढ्यांवर तांबूस खरपुड्या धरलेल्या होत्या आणि पोलादी भिंतीवर, स्प्रिंग जिथे टेकते नेमक्या त्याच जागी, नखाने खरवडली तरी न जाणारी काळी रेघ उमटली होती. जूनमध्ये मी ते मॅगझिन बाहेरून पुसून ठेवले होते; आतून उघडले नव्हते. दुसरे मॅगझिन पॉलिमरचे होते आणि त्याची तळपट्टी हातानेच निघत असल्यामुळे ते मी दर पंधरवड्याला उघडत असे. ते ठणठणीत होते.

त्या दिवसापासून कुणी मला मॅगझिनबद्दल विचारले की मी दोन प्रश्न पुढे ठेवतो. ते तुमच्या स्वतःच्या रायफलीत प्रत्येक काडतूस न चुकता बोल्टच्या पुढ्यात आणून ठेवते का? आणि ते हत्याराशिवाय, किंवा फार तर एका साध्या टोच्याने, पूर्ण उघडून आतपर्यंत वाळवता येते का? पहिला प्रश्न कुठल्याही गावच्या नेमबाजाला लागू आहे. दुसरा आपल्यासारख्या, समुद्राच्या वाऱ्यात राहणाऱ्यांसाठी तितकाच महत्त्वाचा आहे, आणि देशावरचे किंवा परदेशातले जाणकार सल्ला देताना तो बहुधा विचारात घेत नाहीत.

मॅगझिन कोणाला लागते

ऑलिंपिकच्या ५० मीटर रायफल प्रकारात मॅगझिनचा प्रश्नच उद्भवत नाही. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळे यांनी २०२४ साली पॅरिसमध्ये ५० मीटर थ्री पोझिशन्समध्ये कांस्यपदक मिळवले. त्या प्रकारात प्रत्येक गोळी हाताने चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाच्या पोकळीत, घालायची असते. तुमचे सगळे लक्ष्य तेच असेल, तर मॅगझिनवर पैसे घालू नका. ते गोळ्यांवर घाला. मॅगझिन लागते ते सुट्या मॅगझिनची सोय असलेल्या .२२ एलआर या छोट्या काडतुसाच्या किंवा मोठ्या बोअरच्या (नळीच्या मोठ्या छिद्राच्या) बोल्ट-अ‍ॅक्शन रायफलीने अचूक नेमबाजीचा सराव करणाऱ्याला, ज्याला स्टॉकवरून, म्हणजे रायफलीच्या दस्त्यावरून, गाल न उचलता, पकड न मोडता पुढची गोळी लावायची असते. अचूकतेशी मॅगझिनचा संबंध येतो तो इथे. गोळी अडखळली की शरीराची बैठक मोडते, आणि मोडलेली बैठक पुन्हा जशीच्या तशी जमवणे किती कठीण असते हे पोटावर झोपून नेम धरणाऱ्याला सांगावे लागत नाही.

कायद्याचे थोडक्यात सांगतो. आपल्याकडे सगळा व्यवहार शस्त्र अधिनियम १९५९ आणि शस्त्र नियम २०१६ यांच्या चौकटीत होतो. रायफल ज्या परवान्यावर नोंदलेली आहे त्याच परवान्यावर, परवानाधारक विक्रेत्याकडून आणि पक्की पावती घेऊनच मॅगझिन विकत घ्यावे. परदेशातून मागवायचे असेल, तर पैसे भरण्याआधी जिल्हा दंडाधिकारी कार्यालयाकडून परवानगीचे स्वरूप आणि मॅगझिनच्या क्षमतेबाबतची अट लेखी विचारून घ्यावी. परदेशी संकेतस्थळावरून थेट पार्सल मागवण्याच्या फंदात पडू नये. कोकणात पुष्कळ घरांत शेतसंरक्षणाचा परवाना असतो. त्या परवान्यावरच्या क्षेत्राच्या आणि वापराच्या अटी वेगळ्या असतात; त्या परवान्याची बंदूक खेळाच्या सरावाला न्यायची झाल्यास तेही आधी विचारावे. वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ प्रमाणे शिकारीला बंदी आहे, आणि या लेखातले सगळे विवेचन लक्ष्याच्या कागदापुरतेच आहे.

पहिली पायरी: आपली रायफल कोणत्या घराण्याची मॅगझिने घेते ते ओळखणे

मॅगझिन दिसायला साधी पेटी असली, तरी ती कुठल्याही रायफलीत बसत नाही. ढोबळ मानाने तीन घराणी आहेत.

एक घराणे कंपनीच्या स्वतःच्या मापाचे. टिक्का, साको, हौवा, अन्शुट्झ यांच्या बहुतेक रायफली स्वतःचीच मॅगझिने घेतात. इथे निवड फारशी नसते, पण जुळणी सहसा चांगली असते. सीझेडच्या .२२ रायफलींची एक गोष्ट सोयीची आहे: ४५२, ४५५ आणि ४५७ या तिन्ही मालिकांची .२२ एलआर मॅगझिने एकमेकांत चालतात, त्यामुळे जुन्या रायफलीचे जास्तीचे मॅगझिन नवीला वापरता येते.

दुसरे घराणे एआयसीएस. ब्रिटनच्या अ‍ॅक्युरसी इंटरनॅशनल या कंपनीने आपल्या चॅसीसाठी, म्हणजे रायफल बसवायच्या सांगाड्यासाठी, जे माप वापरले, ते पुढे अनेक उत्पादकांनी उचलले, आणि आज मोठ्या बोअरच्या अचूक रायफलींत हेच सर्वांत जास्त भेटते. यात काडतुसे आत दोन ओळींत बसली, तरी वर येताना मध्यावर एकच काडतूस बाहेर पडते. मॅगपुल, एमडीटी, अ‍ॅक्युरेट मॅग अशा अनेकांची मॅगझिने या मापाची आहेत. .२२ मध्येही बर्गारा बी-१४आरसारख्या रायफली बाहेरून एआयसीएसच्या मापाचे, पण आतून .२२ साठी घडवलेले मॅगझिन घेतात. त्याच अ‍ॅक्युरसी इंटरनॅशनलचे एडब्ल्यू नावाचे तिसरे माप आहे. त्यात काडतुसे वरपर्यंत दोन ओळींत राहतात आणि एकदा डावीकडून, एकदा उजवीकडून सुटतात. एडब्ल्यू मॅगझिन रुंद आणि आखूड असते. ते एआयसीएसच्या घरात, म्हणजे रायफलीतल्या मॅगझिनच्या खोबणीत, बसत नाही आणि एआयसीएसचे त्याच्या घरात चालत नाही. नाव एकाच कंपनीचे असल्यामुळे खरेदीत इथे गफलत होते.

आपल्याकडे आणखी एक जुने घराणे आहे, ते म्हणजे .३१५ ची स्पोर्टिंग रायफल. इशापूरच्या कारखान्याची ही रायफल ली-एनफिल्डच्या घडणीवर आधारलेली आहे, आणि तिच्या मॅगझिनची मूळ कल्पना जेम्स पॅरिस ली यांनी १८७९ साली पेटंट घेतलेल्या सुट्या पेटी-मॅगझिनपर्यंत जाते. मात्र ली-एनफिल्डचे मॅगझिन निघत असले, तरी लढाईत भराभर बदलावे म्हणून ते सुटे ठेवलेले नव्हते. गोळ्या वरूनच क्लिपने भरत, आणि मॅगझिन मुख्यतः साफसफाईसाठी काढत. म्हणून एका .३१५ चे मॅगझिन दुसऱ्या .३१५ मध्ये लावले तर ते चालेलच असे गृहीत धरू नये. त्याचे ओठ त्या-त्या रायफलीला जमवून घ्यावे लागतात.

दुसरी पायरी: लांबी मोजणे

मोठ्या बोअरसाठी हा सगळ्यात कोरडा पण न टाळता येणारा भाग आहे. मॅगझिनची आतली लांबी, म्हणजे मागच्या भिंतीपासून पुढच्या भिंतीपर्यंतचे अंतर, व्हर्नियर कॅलिपरने मोजावे आणि ते आपल्या काडतुसाच्या पूर्ण लांबीशी ताडून पाहावे. एआयसीएसच्या आखूड मापात पुढच्या बाजूला आतून एक पोलादी पट्टी असली, तर आत सुमारे ७३ मिलिमीटर जागा मिळते. पट्टी नसलेल्या मॅगझिनांत दोनेक मिलिमीटर जास्त. .३०८ विंचेस्टरची कमाल लांबी ७१.४ आणि ६.५ क्रीडमूरची सुमारे ७१.८ मिलिमीटर, म्हणजे दोन्ही बसतात, पण फार सैल नाही. .३०-०६ ची लांबी ८४.८ मिलिमीटरपर्यंत जाते. ते आखूड मॅगझिनात बसणारच नाही, त्याला लांब माप हवे. काडतुसाच्या टोकापुढे निदान अर्धा मिलिमीटर मोकळा राहिला पाहिजे. तेवढा नसेल, तर काडतुसांची टोके पुढच्या भिंतीला घासतात आणि वर येताना अडतात.

.२२ एलआरमध्ये लांबीची चिंता नाही, कारण सगळी काडतुसे २५.४ मिलिमीटरच्या आत असतात. तिथे खरी कसोटी पुढच्या पायरीत आहे.

तिसरी पायरी: ओठ, रिम आणि काडतुसाचा कोन

मॅगझिनच्या वरच्या दोन वळलेल्या कडांना आपण ओठ म्हणू. काडतूस कुठे धरायचे, केव्हा सोडायचे आणि सुटताना त्याचे तोंड किती वर उचललेले असायचे, हे सगळे ओठ ठरवतात. बोल्ट पुढे ढकलला की त्याचा खालचा भाग काडतुसाच्या मागच्या कडेला पकडतो, काडतूस पुढे सरकते, टोक चेंबरच्या तोंडाकडे चढते, आणि मागची कड ओठांतून सुटून बोल्टच्या तोंडावर येते. यातले काहीही क्षणभर आधी किंवा नंतर झाले की अडकते.

.२२ एलआर आणि .३१५ या दोन्ही काडतुसांना मागे बाहेर आलेली कड, म्हणजे रिम, असते. तिच्यामुळे होणारा एक खास अडथळा ओळखता आला पाहिजे, म्हणून तो जवळून सांगतो. मॅगझिन उभे धरा आणि त्यात एकेक काडतूस भरा. वरच्या काडतुसाची रिम खालच्या काडतुसाच्या रिमेच्या पुढे असली पाहिजे. भरताना हात मागे ओढला गेला, आणि वरची रिम खालच्या रिमेच्या मागे बसली, तर बोल्ट वरचे काडतूस ढकलतो तेव्हा ते खालच्यालाही बरोबर ओढते आणि दोघेही जागच्या जागी रुततात. मॅगझिन काढून पाहिले तर वरचे काडतूस नाक वर करून तिरके उभे असते आणि बोटाने कितीही दाबले तरी खाली जात नाही. चांगल्या .२२ मॅगझिनाची मागची भिंत खालच्या टोकाला किंचित मागे झुकलेली असते, त्यामुळे रिमा आपोआप पायऱ्यांसारख्या एकीपुढे एक बसतात. निवडताना हा उतार डोळ्यांनी पाहावा. रुगरच्या दहा गोळ्यांच्या फिरत्या मॅगझिनात प्रत्येक काडतूस स्वतंत्र खाचेत बसते, त्यामुळे तिथे ही अडचणच येत नाही. रुगर अमेरिकन रिमफायर ही बोल्ट-अ‍ॅक्शन तेच मॅगझिन घेते. मात्र हे फिरते मॅगझिन आतून उघडणे आणि पुन्हा योग्य ताण देऊन जुळवणे वेळखाऊ आहे, आणि आपल्या हवेत ते वर्षातून अनेकदा करावे लागते. ज्यांचा हात यंत्रावर बसलेला नाही त्यांना मी साधे सरळ मॅगझिनच सुचवीन.

.२२ च्या गोळीचे शिसे मऊ असते. मॅगझिन काडतुसाचे नाक फार खाली धरत असेल, तर प्रत्येक गोळी चेंबरच्या खालच्या कडेवर घासून चढते, शिशाचा बारीक कीस निघतो, आणि गोळी एका बाजूने किंचित कापली जाते. अशी गोळी ५० मीटरवर कुठे जाईल याचा भरवसा नसतो, आणि नेमबाज मात्र आपल्या श्वासाला दोष देत बसतो. हे तपासायला रेंजवर, नळी लक्ष्याकडे ठेवून, बोल्ट इतकाच पुढे न्यावा की काडतुसाचे नाक चेंबरच्या तोंडाला लागेल. बोल्ट बंद करू नये. मग काडतूस हलकेच बाहेर घेऊन भिंगाखाली पाहावे. नाकाच्या खालच्या बाजूला चकचकीत ओरखडा दिसला, तर ते मॅगझिन त्या रायफलीसाठी नाही. बोल्ट पूर्ण बंद करून जिवंत काडतूस पुन्हा काढण्याचा मोह टाळावा, कारण स्पर्धेसाठीच्या घट्ट चेंबरांत गोळी नळीच्या आट्यांत रुतते आणि कवच तेवढे बाहेर येऊन दारू सांडते.

चौथी पायरी: उंची आणि कॅच

मॅगझिन घरात बसल्यावर ते किती उंचीवर थांबते, हे कॅच, म्हणजे त्याला अडकवून धरणारा खटका, ठरवतो. खाली बसले तर बोल्ट काडतुसाच्या डोक्यावरून निसटून रिकामाच पुढे जातो. वर बसले तर बोल्टचा खालचा भाग ओठांवर घासतो आणि बोल्ट जड चालतो. मॅगझिन लावून, चेंबर रिकामे आहे याची खात्री करून, तळाशी बोट ठेवून वर-खाली हलवून पाहावे. थोडी हालचाल असणे साहजिक आहे, पण बोटाने वर दाबल्यावर गोळी नीट चढते आणि सोडल्यावर चढत नाही, असे होत असेल तर कॅच झिजला आहे किंवा माप जुळत नाही. काही चॅसींत कॅचची उंची स्क्रूने बदलता येते. अशी सोय असेल, तर एकाच मापाची पण वेगवेगळ्या कंपन्यांची मॅगझिने एकत्र वापरू नयेत, कारण एकाला जमवलेली उंची दुसऱ्याला जमेलच असे नाही.

पाचवी पायरी: पोलाद की पॉलिमर

आता आपल्या किनाऱ्याचा प्रश्न. स्वयंपाकघरातल्या बरणीतले मीठ पाणावले, की हवेतली आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली असे समजावे, कारण मीठ त्याच्या आसपास हवेतले पाणी ओढून विरघळू लागते. हेच मीठ भरतीच्या वाऱ्याबरोबर उडून आपल्या खिडक्यांच्या गजांवर, दुचाकीच्या साखळीवर आणि रायफलीच्या पोलादावर बसते. बसल्यावर ते स्वतःचे पाणी स्वतःच गोळा करते. त्यामुळे बाहेरून कोरडे दिसणारे पोलादही मिठाच्या पापुद्र्याखाली ओले असते. मॅगझिनच्या आत, स्प्रिंगच्या वेढ्यांखाली, हवा फिरत नाही, म्हणून गंज तिथूनच सुरू होतो.

पोलादी मॅगझिन सडपातळ असते, त्याचे ओठ कडक राहतात आणि वर्षानुवर्षे माप बदलत नाही. ते घ्यायचे असेल, तर नुसत्या निळ्या पॉलिशचे न घेता आतून-बाहेरून लेप दिलेले घ्यावे, आणि लेप आतल्या कोपऱ्यांपर्यंत पोचला आहे का हे तळपट्टी काढून, टॉर्चच्या उजेडात दुकानातच पाहावे. बाहेर काळाभोर आणि आत उघडे पोलाद, अशी मॅगझिने मी हाताळलेली आहेत. पॉलिमरचे शरीर गंजत नाही, पण स्प्रिंग बहुधा पोलादाचीच असते, आणि ती स्टेनलेस नसेल तर शरीर टिकते आणि स्प्रिंग जाते. स्प्रिंग कशाची आहे, हे विक्रेत्याला विचारावे. त्याला सांगता आले नाही, तर लहान लोहचुंबकावर फार विसंबू नये, कारण स्प्रिंगसाठी वापरलेले काही स्टेनलेसही चुंबकाला चिकटते. उत्पादकाच्या माहितीपत्रकात लिहिलेले असेल तेच खरे. पॉलिमरचे ओठ वापराने हळूहळू पसरू शकतात, विशेषतः मे महिन्यात मॅगझिन भरलेले ठेवून गाडीच्या काचेखाली विसरल्यास. म्हणून ते भरून ठेवण्याची सवय नसावी. घरी तर कधीच नसावी.

माझे मत विचाराल, तर .२२ साठी पॉलिमरचे मॅगझिन स्टेनलेस स्प्रिंगसह घ्यावे, आणि मोठ्या बोअरसाठी, जिथे काडतुसाचे वजन आणि रायफलीचा धक्का दोन्ही जास्त असतात, लेप दिलेले पोलादी. दोन्हींत अट एकच: तळपट्टी सहज निघाली पाहिजे. रिवेटने कायमची बंद केलेली किंवा दरवेळी हातोडी लागणारी मॅगझिने कितीही नावाजलेली असोत, गुहागर-दापोलीच्या घरात ती दोन पावसाळ्यांनंतर त्रास देतात.

सहावी पायरी: पाच गोळ्यांचे की दहा

पोटावर झोपून नेम धरणाऱ्याला पाच गोळ्यांचे आखूड मॅगझिन सोयीचे पडते. एआयसीएसचे दहाचे मॅगझिन स्टॉकखाली बरेच लोंबते, बायपॉडचे, म्हणजे रायफलीच्या पुढच्या दोन पायांच्या आधाराचे, पाय आखूड असतील तर ते चटईला टेकते, आणि टेकले की रायफलीचा नेम वर-खाली होतो. उभे राहून किंवा आधारावरून सराव असेल, किंवा एका डावात दहा गोळ्या लागत असतील, तर दहाचे घ्यावे. संख्येपेक्षा जोडी महत्त्वाची आहे: एकाच उत्पादकाची, एकाच प्रकारची किमान दोन मॅगझिने घ्यावीत, त्यांच्या तळाला रंगाने १ आणि २ असे आकडे घालावेत. अडथळा आला की तो रायफलीचा की मॅगझिनचा, हे त्या आकड्यावरून पहिल्याच दिवशी कळते.

सातवी पायरी: पैसे देण्याआधी आणि नंतरची परीक्षा

विक्रेत्याच्या परवानगीने, रायफल रिकामी करून आणि नळी सुरक्षित दिशेला ठेवून, परीक्षा डमी, म्हणजे दारू नसलेल्या नकली, काडतुसांनीच घ्यावी. जिवंत काडतुसांनी घरी किंवा दुकानात मॅगझिन तपासणे हा जिवाशी खेळ आहे, आणि अनुभवी माणसेही त्यातून सुटलेली नाहीत. .२२ च्या प्लास्टिकच्या डमीची रिम लवकर झिजते, म्हणून झिजलेल्या डमीवरून मॅगझिनला नापास करू नये.

प्रथम रिकामे मॅगझिन बोल्ट उघडा आणि बोल्ट बंद अशा दोन्ही स्थितींत लावून पाहावे. मग ते पूर्ण भरून, बोल्ट बंद ठेवून लावावे. पुष्कळ मॅगझिने इथेच उघडी पडतात, कारण बंद बोल्ट वरच्या काडतुसाला खाली दाबतो आणि आत स्प्रिंगला आणखी दबायला जागाच उरलेली नसते. कॅच बसल्याचा आवाज येतो, पण पहिला बोल्ट ओढताच मॅगझिन चटईवर पडते. भरताना शेवटचे काडतूस अंगठा दुखेपर्यंत दाबावे लागत असेल, तर तेही याचेच लक्षण आहे.

त्यानंतर बोल्ट आधी अगदी सावकाश चालवावा, मग नेहमीच्या गतीने, मग झटक्यात. सावकाश चालवताना अडकते आणि जोरात चालवताना चालते, असे मॅगझिन घेऊ नये. तसे होते तेव्हा काडतूस वाटेत कुठेतरी तिरके होत असते आणि वेगाने ते लपते इतकेच. शेवटच्या काडतुसाकडे विशेष लक्ष द्यावे, कारण त्याला खालून आधार फक्त फॉलोअरचा असतो. फॉलोअर पुढे-मागे कलत असेल तर ते शेवटच्या काडतुसावरच दिसते.

रेंजवर मी प्रत्येक नव्या मॅगझिनमधून किमान पन्नास गोळ्या चालवतो आणि वहीत मॅगझिनचा आकडा, गोळीचा क्रम आणि झालेला अडथळा एवढेच लिहितो. अडथळे नेहमी पहिल्याच काडतुसावर येत असतील, तर स्प्रिंग फार ताठ किंवा मॅगझिन जास्त भरलेले; नेहमी शेवटच्या दोनांवर येत असतील, तर स्प्रिंग मऊ किंवा फॉलोअर अडतो आहे; कुठेही येत असतील, तर ओठ किंवा उंची. ओठांमधले अंतर नव्यानेच व्हर्नियरने मोजून वहीत लिहून ठेवावे. पुढे कधी शंका आली, तर तेच माप पुन्हा घेऊन ताडता येते.

घरात आणि घाटात

आपल्यापैकी पुष्कळ जण सरावाला घाट चढून जातात. पुण्याजवळ बालेवाडीच्या शिवछत्रपती क्रीडा संकुलातली रेंज १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांच्या वेळी उभी राहिली, आणि आजही कोकणातल्या नेमबाजाला तिथला फेरा घडतोच. परतताना गाडीतला एसी दिवसभर चालू असतो, पोलाद गार पडते, आणि घाट उतरून घराच्या अंगणात डिकी उघडली की दमट हवा त्या गार पोलादावर दवासारखी साचते. म्हणून पेटी लगेच उघडू नये. ती घरात नेऊन, बंदच ठेवून, तासभर घराच्या तापमानाला येऊ द्यावी, आणि मग मॅगझिने उघडून पुसावीत.

साफसफाई अशी करावी. तळपट्टी काढा, स्प्रिंग आणि फॉलोअर बाहेर घ्या, कोरड्या ब्रशने आतली धूळ झाडा. आपली लाल माती बारीक असते, आणि .२२ च्या गोळीवरचे मेण तिला धरून ठेवते. दोन्हींचा मिळून चिकट लेप ओठांच्या आतल्या बाजूला बसतो, तो लाकडी काडीला फडके गुंडाळून काढावा. पोलादी भागांवर बंदुकीच्या तेलाचा हात फिरवून, मग ते कोरड्या फडक्याने असे पुसावे की बोटाला तेल लागू नये. आत ओले तेल राहिले तर धूळ धरते. इथे एक गोष्ट आवर्जून सांगतो: घरातल्या कोयत्या-विळ्यांना खोबरेल तेल लावायची आपली सवय मॅगझिनवर चालत नाही. ते कालांतराने चिकट होते, आणि पारा २४ अंशांच्या खाली गेला की थिजते. जानेवारीच्या पहाटे फॉलोअर त्यात रुतून बसतो.

ठेवताना कापडी किंवा चामड्याचे कव्हर आणि स्पंजचे अस्तर टाळावे, कारण ते ओल शोषून पोलादाला लावून ठेवते. घट्ट झाकणाची पेटी, आत सिलिका जेलची पुडी, मॅगझिने रिकामी, गोळ्या वेगळ्या कुलपात. मृगापासून दसऱ्यापर्यंत जेल दर आठवड्याला पाहावी, रंग बदलला की गरम करून वाळवावी, आणि मॅगझिन पंधरवड्याने उघडावे. ओलीच्या भिंतीला टेकलेल्या कपाटाऐवजी घरातली आतली, कोरडी भिंत निवडावी.

निवडणुकीच्या काळात शस्त्र पोलीस ठाण्यात जमा करण्याची वेळ आली, तर रायफलीबरोबर मॅगझिने उघडून, तेलाचा पातळ हात देऊन, मेणकागदात गुंडाळून द्यावीत, आणि पावतीवर मॅगझिनांची संख्या व त्यांचे आकडे लिहून घ्यावेत. परत घेताना ती तिथल्या तिथे मोजावीत आणि त्याच दिवशी घरी उघडावीत.

स्प्रिंग दाबून ठेवल्याने तितकी थकत नाही, जितकी वारंवार दाबून-सोडून थकते. गंज मात्र तिला दोन्हींपेक्षा लवकर खातो. वेढ्यावर खड्डा पडलेला दिसला की घासून चमकवण्याच्या भानगडीत न पडता स्प्रिंग बदलावी. पहिल्या परिच्छेदातल्या माझ्या मॅगझिनला नवी स्प्रिंग बसवली, भिंतीवरची काळी रेघ बारीक पॉलिश पेपरने घासून फॉलोअर मोकळा केला, आणि ओठांचे माप जुन्या नोंदीशी जुळले. तरी त्याच्या तळावरचा १ पुसून मी तिथे लाल ठिपका दिला आहे; ते आता डमी काडतुसांच्या सरावापुरतेच पेटीतून बाहेर येते.